*घराच्या पत्र्याला पन्हळ लावा, फवारणीचं पाणी घरीच धरा*



आजचा विषय पिकाचा नाही, घराच्या पत्र्याचा आहे. पण शेवटी तो फवारणीपर्यंत जातो, म्हणून शेवटपर्यंत वाचा. रोहिणी निघायच्या आत हे काम उरकलं तर मृगाच्या पहिल्या सरीपासून उपयोग होईल.

*आधी हिशोब*
१ चौरस मीटर पत्र्यावर १ मिमी पाऊस पडला की १ लिटर पाणी मिळतं. २० बाय ३० फुटांचं घर म्हणजे ६०० चौरस फूट, सुमारे ५५ चौरस मीटर. (मोजमाप जमिनीवर घ्या, पत्र्याच्या उतारावर नको.) वर्षात ५०० मिमी पाऊस धरला आणि वाया जाणारं सोडून ८० टक्के हाती आलं, तरी सुमारे २२ हजार लिटर होतात. म्हणजे १० हजार लिटरचे दोन टँकर भरून वर थोडं उरतं. एका २०-२५ मिमीच्या पावसात हजार लिटरची टाकी भरते. हिवरे बाजारला दरवर्षी पाऊस मोजून पाण्याचा ताळेबंद मांडतात आणि मग पिकं ठरवतात. आपण निदान आपल्या पत्र्याचा तरी मांडू.

*फवारणीला हे पाणी का?*
आपल्याकडे बऱ्याच बोअरचं पाणी जड आहे, साबणाला फेस येत नाही. अशा पाण्यातला कॅल्शियम-मॅग्नेशियम टू-फोर-डी अमाइनसारख्या तणनाशकाला बांधून ठेवतो, मग तण नीट मरत नाही. पाण्याचा सामू ८ च्या वर असेल तर कॅप्टनसारखं बुरशीनाशक काही मिनिटांतच निकामी व्हायला लागतं. आपण मात्र औषधाला दोष देतो आणि डोस वाढवतो. पावसाच्या पाण्यात क्षार जवळजवळ नसतात. ५ हजार लिटरची टाकी म्हणजे २०० लिटरचे २५ ड्रम.

*पन्हळ कशी लावायची?*
१) ६ इंची पीव्हीसी पाईप उभा चिरून दोन पन्हळी होतात, किंवा पत्र्याची तयार पन्हळ घ्या. दुपाखी घराला दोन्ही बाजूंना लागेल.

२) उतार सगळ्यात महत्त्वाचा. दर १० फुटांना १ इंच, म्हणजे ३० फुटांना ३ इंच. गवंड्याची लेव्हल नळी घ्या. दोन्ही टोकांना समपातळीची खूण करा. ज्या टोकाला खाली पाईप उतरणार तिथे ३ इंच खाली दुसरी खूण करा आणि दोरी ताणा. हुक दोरीला धरूनच बसवा.

३) हुक दर अडीच फुटांवर, वाशाला किंवा अँगलला घट्ट. पाण्याने भरलेली पन्हळ जड होते, हुक लांब असले की मधे झोळ पडतो.

४) पत्र्याची कड पन्हळीच्या आत दोनेक इंच यायला हवी. पन्हळीची बाहेरची कड भिंतीकडच्या कडेपेक्षा किंचित खाली ठेवा. पन्हळ तुंबली तरी पाणी अंगणात पडेल, भिंतीवर येणार नाही.

५) खाली उतरायला ४ इंची पाईप. तोंडाला जाळी. शेवटी वरच्या टोकाला बादलीभर पाणी ओतून बघा. कुठे थांबलं तर तिथला हुक हलवा.

हे मी अनुभवावरून सांगतोय. आमच्या घरी मी पन्हळ डोळ्याच्या अंदाजाने लावली. खालून सरळ दिसली, म्हणून खूश झालो. पहिल्याच मोठ्या पावसात पाणी मधेच साचलं आणि भिंतीवरून पडवीत आलं. तिथे आईनं जपून ठेवलेलं घरचं दोन किलो कांद्याचं बी होतं. सगळं भिजलं. वळचणीचं पाणी आढ्याला जात नाही म्हणतात, ते त्या दिवशी नीट कळलं.

*टाकीत सोडण्याआधी*
आपल्या भागात जूनमध्ये दोन-चार सरी येतात, मग खंड पडतो, आणि बराचसा पाऊस सप्टेंबरात येतो. प्रत्येक खंडात पत्र्यावर धूळ, पाला, पक्ष्यांची घाण साचते. म्हणून उभ्या पाईपला टी आणि व्हॉल्व्ह लावा. हंगामातला पहिला पाऊस पूर्ण बाहेर सोडा. पुढे प्रत्येक खंडानंतर सुरुवातीची १०-१५ मिनिटं सोडा, मग टाकीकडे वळवा.

टाकी झाकलेली हवी. डेंग्यूचा डास स्वच्छ साठलेल्या पाण्यातच वाढतो. नवीन सिमेंटच्या टाकीत पाण्याचा सामू चढतो, तेव्हा फवारणीआधी सामू तपासा. टाकी भरल्यावर जादा पाणी खडी-वाळूच्या शोषखड्ड्यात सोडा, गाळल्याशिवाय थेट बोअरमध्ये नको.

*सांभाळून* ⚠️
– सिमेंटचे जुने पत्रे कापू नका, भोकं पाडू नका. त्याची धूळ फुफ्फुसाला घातक आहे. त्यावरचं पाणी पिऊ नका, फवारणीला आणि झाडांना वापरा.
– इतर पत्र्यावरचं पाणीही प्यायचं असेल तर गाळून, उकळूनच.
– वळचणीजवळून विजेची सर्व्हिस वायर गेली असेल तर आधी लाईट बंद करा. लोखंडी पन्हळ आणि वायर यांचा स्पर्श होता कामा नये.
– शिडी धरायला खाली एक माणूस हवाच.

या आठवड्यात एवढंच करा: घराची लांबी-रुंदी मोजा आणि पत्रा कशाचा आहे ते ह्या नंबरवर पाठवा. किती पाणी मिळेल आणि किती फूट पन्हळ, किती हुक लागतील याचा हिशोब मी करून देतो.

आपला,
कृषी सल्लागार, आपली शेतकरी उत्पादक कंपनी