मुलाखत आणि प्रसिद्धी : एक खाते की दोन?

बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षात शिकणाऱ्या मुलाला भेटेल तो एकच प्रश्न विचारतो, "पुढे काय?" बँकेची परीक्षा, सनदी लेखापालाचा अभ्यास, नाहीतर घरचे दुकान, अशी उत्तरे ऐकणाऱ्याला अपेक्षित असतात. माझे उत्तर त्यांत बसत नाही. मला नामवंत कलावंतांच्या मुलाखती घ्यावयाच्या आहेत आणि नाटक, चित्रपट व संगीत या क्षेत्रांत प्रसिद्धीचे काम करावयाचे आहे. हे ऐकून कोणी हसतो, कोणी "छंद म्हणून ठीक आहे" असे म्हणतो. म्हणून हा व्यवसाय कसा चालतो, त्याचे भांडवल कोणते आणि त्यात धोका कोठे आहे, हे वाणिज्याच्या विद्यार्थ्याच्या दृष्टीने तपासून पाहण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे.

दोन भाषांचे गाव

माझे गाव लोधीखेडा. नागपूरहून छिंदवाड्याकडे जाताना महाराष्ट्राची हद्द ओलांडली की सौंसरच्या अलीकडे ते लागते. पूर्वी आमचा जिल्हा छिंदवाडा होता. २०२३ साली पांढुर्णा हा नवा जिल्हा झाला आणि सौंसर तहसील त्यात गेली. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली तेव्हा नागपूर मुंबई राज्यात गेले आणि आमचा मराठी मुलूख मध्य प्रदेशातच राहिला. त्याच दिवशी बेळगाव मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात आले. त्यामुळे वडिलांच्या बदलीनंतर मी बेळगावला आलो, तेव्हा दोन भाषांच्या पाट्या पाहून मला परके वाटले नाही. गावी घरात आणि शाळेत मराठी, कचेरीत हिंदी. येथे मराठीच्या शेजारी कन्नड. एकाचे म्हणणे दुसऱ्याला समजेल अशा भाषेत पोहोचविणे हे एक काम आहे आणि त्या कामाला मोल आहे, ही गोष्ट अशा गावात वाढलेल्या मुलाला लवकर कळते.

एका फलकाची गोष्ट

मी बारावीत असताना आमच्या गणेशोत्सव मंडळाने गावातील एका वृद्ध भजनगायकाचा सत्कार ठरविला. कार्यक्रमाची प्रसिद्धी माझ्याकडे दिली आणि व्यासपीठावरील मुलाखतही माझ्याकडेच. काकाजी तरुणपणी नागपूर आकाशवाणीवर गेले होते, एवढे मी ऐकून होतो. अधिक चौकशी न करता मी फलक रंगवून घेतला आणि त्यांच्या नावाखाली 'आकाशवाणी कलावंत' असे ठळक अक्षरांत लिहविले. भोंगा बांधलेल्या ऑटोतून दोन दिवस तसाच पुकारा केला. गर्दी चांगली जमली. मंडळाचे लोक माझ्यावर खूश होते.

मुलाखतीत माझा पहिलाच प्रश्न होता, "काकाजी, आकाशवाणीवर पहिल्यांदा गायलात तो दिवस कसा होता?"

काकाजींनी मागे वळून फलकाकडे पाहिले आणि म्हणाले, "बाबू, थे पाटीवरचं खोटं आहे. मी रेडिओवर गायलोच नाही. आवाज तपासाले गेलो होतो नागपूरले, छोट्या गाडीनं. नापास झालो अन् वापस आलो."

मंडपात शांतता पसरली. माझ्या हातातील कागदावर बारा प्रश्न होते आणि त्यांतील आठ त्या खोट्या ओळीवर उभे होते. काय करावे ते सुचेना. शेवटी कागद घडी करून ठेवला आणि विचारले, "मग वापस आल्यावर काय केलं, काकाजी?"

त्यानंतर ते पाऊण तास बोलले. परत आले त्याच आठवड्यात शेजाऱ्याकडे भजन होते. जावे की तोंड लपवून घरी बसावे, असा त्यांना प्रश्न पडला होता. ते गेले, गायले, आणि पुढे पन्नास वर्षे गातच राहिले. लोक जागेवरून हलले नाहीत. कार्यक्रम संपल्यावर त्यांनी मला जवळ बोलावले आणि हळूच म्हणाले, "पाटी पुसून टाक, बाबू. उद्या माह्या नातवानं विचारलं त का सांगू?"

त्या रात्री मंडपात उभे राहूनच मी ती ओळ चुन्याने पुसली. त्या दिवशी मी एकाच वेळी दोन कामे पत्करली होती : लोकांना बोलावण्याचे आणि लोकांच्या वतीने विचारण्याचे. पहिल्या कामात मी केलेली चूक दुसऱ्या कामात उघडी पडली, आणि तिची झळ मला नव्हे तर एका सज्जन माणसाला लागली. तेव्हापासून हा विषय माझ्या मनात घोळत आहे.

मुलाखतकाराचे काम

मुलाखतकार हा श्रोत्यांचा प्रतिनिधी असतो. त्याला पैसे आयोजक देवो, वृत्तपत्र देवो वा वाहिनी देवो, तो प्रश्न विचारतो श्रोत्यांसाठी. आपल्याकडे या कामाची परंपरा मोठी आहे. बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात काही काळ प्राध्यापक असलेले पु. ल. देशपांडे यांनी दूरदर्शनवर पंडित नेहरूंची पहिली मुलाखत घेतली, हे आपल्या गावाला अभिमानाने सांगता येईल. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्याच वर्षी तबस्सुम यांचा 'फूल खिले हैं गुलशन गुलशन' हा चित्रपट कलावंतांच्या मुलाखतींचा कार्यक्रम सुरू झाला आणि तो १९९३ पर्यंत, म्हणजे एकवीस वर्षे चालला. तबस्सुम स्वतः बालकलाकार होत्या. पाहुण्यांना त्या घरच्या वाटत. पुण्याच्या सुधीर गाडगीळ यांनी तर व्यासपीठावरील प्रकट मुलाखत हाच व्यवसाय केला आणि तो अनेक दशके निभावून दाखविला. कन्नड विभागाच्या वाचकांना रमेश अरविंद यांचा २०१४ मध्ये सुरू झालेला 'वीकेंड विथ रमेश' हा कार्यक्रम परिचित असेलच. पाहुण्याचे जुने शिक्षक आणि बालमित्र शोधून आणावयाचे, ही त्यातील मेहनत पडद्यावर दिसते तितकी सोपी नाही.

या कामाची तयारी तीन प्रकारची असते. पहिली, वाचन व चौकशी : पाहुण्याबद्दल जे ऐकले ते निदान दोन ठिकाणी ताडून पाहणे. (हे मी केले नाही, त्याचे फळ वर सांगितलेच आहे.) दुसरी, प्रश्नांची मांडणी : आधी सोपे, मग कामाविषयीचे, आणि अवघड प्रश्न विश्वास बसल्यावर. 'हो' किंवा 'नाही' एवढ्यावर संपणारा प्रश्न टाळणे बरे. तिसरी आणि सर्वांत कठीण म्हणजे ऐकणे. पुढचा प्रश्न बहुधा पाहुण्याच्या शेवटच्या वाक्यात असतो. कागदाकडे पाहत राहणाऱ्याला तो सापडत नाही.

प्रसिद्धिकाराचे काम

प्रसिद्धिकार मात्र कलावंताचा किंवा निर्मात्याचा प्रतिनिधी असतो. हे कामही प्रतिष्ठेचे आहे. भारतीय चित्रपटाच्या जन्मापासून ते चालत आले आहे. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. पुढे सुरतेला प्रेक्षक येईनात, तेव्हा त्यांनी सत्तावन्न हजार छायाचित्रे, दोन मैल लांबीचे चित्र आणि तिकीट फक्त तीन आणे अशी जाहिरात दिली व गर्दी लोटली, असे सांगितले जाते.

मी सहज या जाहिरातीचा हिशेब करून पाहिला. चित्रपटाच्या एक फूट फितीत सोळा चित्रे बसतात. सत्तावन्न हजारांना सोळाने भागले तर सुमारे ३,५६० फूट येतात, आणि चित्रपटाची नोंदलेली लांबी ३,७०० फूट आहे. म्हणजे छायाचित्रांचा आकडा बरोबर. परंतु दोन मैल म्हणजे १०,५६० फूट! प्रत्यक्ष फीत पाऊण मैलही भरत नाही. एकाच जाहिरातीत एक आकडा खरा आणि एक फुगविलेला. दादासाहेबांचा मोठेपणा याने उणावत नाही. पण प्रसिद्धीच्या धंद्यातील मोह किती जुना आहे हे मात्र दिसते.

आज या कामाचे स्वरूप व्यवस्थित ठरलेले आहे. एक पानाचे प्रसिद्धिपत्रक, ओळी लिहून तयार छायाचित्रे, पत्रकार परिषद, मुहूर्तापासून पहिल्या खेळापर्यंतचे वेळापत्रक आणि मुलाखतींच्या वेळा ठरविणे, ही त्याची मुख्य अंगे. मोबदला दरमहा ठरावीक किंवा प्रत्येक चित्रपटामागे घेतात. करार लेखी असावा व काही रक्कम आगाऊ घ्यावी, कारण प्रवास, छपाई, छायाचित्रकार हा खर्च आधी होतो आणि येणे मागाहून वसूल होते. खेळते भांडवल नसलेला प्रसिद्धिकार काम असूनही अडचणीत येऊ शकतो. व्यावसायिक शुल्कातून साधारणतः दहा टक्के उद्गम करकपात होते. वार्षिक उलाढाल वीस लाखांपुढे गेली की वस्तू व सेवा कराची नोंदणी करावी लागते. आमच्या भागातल्या मुलाला एक सोय जास्त आहे : तेच पत्रक नागपूरसाठी मराठीत आणि छिंदवाडा-भोपाळसाठी हिंदीत तो स्वतः लिहू शकतो. बेळगावच्या मुलाला पुण्यासाठी मराठी आणि हुबळी-बंगळूरसाठी कन्नड, असे म्हणता येईल.

लेखापाल आणि लेखापरीक्षक

आता मूळ प्रश्न. ही दोन्ही कामे एका माणसाने करावीत काय? इंग्रजी मासिक 'फिल्मइंडिया' १९३५ पासून चालविणारे बाबूराव पटेल हे पालघरजवळचे मराठी गृहस्थ. त्यांच्या परखड परीक्षणांचा आणि वाचकांना दिलेल्या उत्तरांचा दरारा होता. त्यांनीच पुढे 'द्रौपदी' (१९४४) आणि 'ग्वालन' (१९४६) हे चित्रपट दिग्दर्शित केले. दोन्हींत नायिका सुशीलाराणी पटेल होत्या. परीक्षकच निर्मितीत उतरला, की इतरांच्या चित्रपटांवरील त्याचे मत वाचताना वाचकाच्या मनात शंका येणे स्वाभाविक आहे. आपल्या काळात २००४ पासून चाललेल्या 'कॉफी विथ करण' या कार्यक्रमाचे सूत्रधार करण जोहर स्वतः मोठे निर्माते आहेत. तेथे निदान ही गोष्ट प्रेक्षकाला आधीपासून ठाऊक असते.

आपण लेखापरीक्षणात शिकतो की जो हिशेब लिहितो त्याने तो तपासू नये. कंपनी कायदा, २०१३ च्या कलम १४४ ने लेखापरीक्षकाला त्याच कंपनीचे हिशेब लिहिण्याची सेवा देण्यास मनाई केली आहे. प्रसिद्धिकार हा कलावंताचा लेखापाल आणि मुलाखतकार हा लोकांचा लेखापरीक्षक आहे, असे म्हटल्यास वावगे ठरणार नाही. एक माणूस दोन्ही व्यवसाय शिकू शकतो आणि दोन्हींवर पोट भरू शकतो. परंतु एकाच कलावंतासाठी दोन्ही कामे त्याने करू नयेत.

आणि जेथे पैसा घेतला तेथे तो उघड सांगावा. पैसे घेऊन बातमी छापण्याच्या प्रकाराची भारतीय वृत्तपत्र परिषदेला २०१० मध्ये चौकशी करावी लागली. दिशाभूल करणाऱ्या जाहिरातींविषयी २०२२ साली निघालेल्या मार्गदर्शक तत्त्वांप्रमाणे, शिफारस करणाऱ्याने उत्पादकाशी असलेला आपला आर्थिक संबंध सांगणे आवश्यक आहे. यात नवीन काही नाही. अमीन सयानी यांची १९५२ साली रेडिओ सिलोनवर सुरू झालेली गीतमाला 'बिनाका गीतमाला' होती. पैसा कोणाचा हे कार्यक्रमाच्या नावातच होते, आणि म्हणून लोकांच्या प्रेमात काही उणे पडले नाही. गावातला कोतवालसुद्धा दवंडी देताना ती कोणाच्या हुकुमावरून, हे सांगतच असे.

माझे अंदाजपत्रक

पदवीनंतर आकाशवाणीची स्वरचाचणी द्यावयाची, नागपूरच्या एखाद्या वृत्तपत्रात मिळेल ते काम करावयाचे, आणि वर्षभर गावोगावच्या कलावंतांच्या मुलाखती विनामूल्य घ्यावयाच्या, असा माझा बेत आहे. स्वरचाचणीत नापास होण्याची भीती मला वाटत नाही असे नाही. परंतु नापास झालेला माणूसही पन्नास वर्षे गाऊ शकतो, हे मी समोर बसून ऐकले आहे.

हिशेबशास्त्रात 'गुडविल'ला मराठीत ख्याती म्हणतात. नियम असा की स्वतः कमावलेली ख्याती ताळेबंदात दाखवीत नाहीत, कारण तिची किंमत मोजता येत नाही. या व्यवसायात मात्र भांडवल तेवढेच आहे. काकाजींनी भरल्या मंडपात स्वतःची खोटी ओळ स्वतः खोडली, त्यामुळे त्यांच्या ख्यातीत घट झाली नाही. मंडळाने दुसऱ्या वर्षी त्यांना पुन्हा बोलाविले, आणि फलक लिहिण्याचे काम पुन्हा माझ्याकडेच दिले. मी आधी त्यांच्या घरी गेलो, मजकूर वाचून दाखविला आणि त्यांच्या होकारानंतरच रंगाऱ्याकडे दिला. त्यावर त्यांचे नाव होते आणि खाली एकच शब्द होता : भजनगायक. मुलाखत मात्र त्या वर्षी मी दुसऱ्या मुलाला घ्यायला लावली.