भागाकारातील शून्य

‘भाग लावा, गुणा, वजा करा, अंक खाली घ्या’ हे मुलांना तोंडपाठ असते. तरी ६१२ ला ६ ने भागताना पुष्कळजण उत्तर १२ लिहितात. दोष पाढ्यांचा नव्हे. स्थानिक किंमत उमगलेली नसते.

वस्तीतील चौथीच्या मुलांचा अभ्यास घेताना मी आमच्या पेणचेच उदाहरण देतो. ६१२ गणपती ६ गाड्यांत सारखे भरायचे. ६ शतकांपैकी प्रत्येक गाडीला १ शतक मिळाले. पुढे १ दशक आहे. ते सुटे केल्याशिवाय सहा जागी वाटता येत नाही, म्हणून दशकाच्या घरात ०. सुटे केले की १० एकक आणि जवळचे २ मिळून १२, प्रत्येकी २. उत्तर १०२. मग ताळा पाहावा : १०२ × ६ = ६१२; १२ × ६ मात्र ७२च.

‘प्रथम’ संस्थेच्या ‘असर’ पाहणीतही तीन अंकी संख्येला एक अंकी संख्येने भागणे हीच अंकगणिताची वरची पायरी मानली आहे.

आमच्या घरात कॉलेजात येणारा मी पहिलाच. ज्या घरांत मजुरीचा हिशेब दुसऱ्याने करून सांगायचा, तेथील मुलाला हे शून्य कळले, तर आपला वाटा त्याला स्वतः पडताळता येईल.