जादूगार राहू दे, बाप लिही

चि. बंडू,

दिवाळी अंकासाठीचा तुझा लेख वाचला. हेन्री पर्सी, नॉर्थम्बरलंडचा नववा अर्ल, हा विषय चांगला निवडलास. मात्र ‘जादूगार अर्ल’ हे शीर्षक पाहून कपाळाला आठी पडली. त्याच्या भट्ट्या, दुर्बिणी आणि गोल यांवर तू पानंच्या पानं खर्ची घातलीस आणि बायकामुलांना एका परिच्छेदात उरकलंस. लोकांनी ठेवलेलं नाव आयतं मिळतं, म्हणून लिहिणाऱ्याला ते आवडतं. पण त्याच्यावर सगळा लेख उभा केलास तर माणूस हाती लागायचा नाही.

सुरुवात 1605 च्या गनपावडर कटापासून, म्हणजे राजासकट पार्लमेंट उडवून देण्याच्या बेतापासून, करू नकोस. त्याआधी या घराण्यावर काय गुदरलं ते वाचकाला कळू दे. आठव्या हेन्रीविरुद्ध उत्तरेत झालेल्या उठावात याच्या आजोबांना 1537 मध्ये देहदंड झाला. थोरला चुलता, सातवा अर्ल, एलिझाबेथविरुद्ध उठला आणि 1572 मध्ये यॉर्कला त्याचं शिर उडवलं गेलं. बाप टॉवर ऑफ लंडनमध्ये कैदेत असताना जून 1585 मध्ये छातीत गोळ्या लागून मेलेला सापडला. चौकशीत आत्महत्या ठरली, तरी पुष्कळांना ती पटली नाही. एकविसाव्या वर्षी हेन्रीला अर्लपद मिळालं ते असं. जहागिरीबरोबर राजदरबाराचा संशयही वारशानं आला, आणि तो कोणाला विकता येत नव्हता.

हे ठाऊक असेल तरच 4 नोव्हेंबर 1605 चा प्रसंग समजतो. कट फुटण्याच्या आदल्या त्या दिवशी थॉमस पर्सी सायन हाउस या अर्लाच्या वाड्यात त्याच्याबरोबर जेवला. तो दूरचा भाऊबंद, अर्लाचा उत्तरेकडचा महसूल गोळा करणारा, आणि कटवाल्यांपैकी एक. राजाच्या रक्षकदलाचा कप्तान अर्लच होता, आणि त्यानं या थॉमसला धर्माची ठरलेली शपथ न देताच त्या दलात घेतलं होतं. चारच दिवसांत थॉमस गोळी लागून मेला. आता अर्लाच्या बाजूनं किंवा विरुद्ध बोलणारा कोणी उरला नाही. स्टार चेंबर या राजाच्या न्यायसभेनं 1606 मध्ये तीस हजार पौंड दंड ठोठावला, पदं काढून घेतली आणि राजाची मर्जी होईल तोवर कैद सुनावली. अर्लाला कट ठाऊक होता असा पुरावा पुढे आला नाही. माझ्या मते त्याला तो ठाऊक नव्हता. पण पर्सी आडनावाच्या माणसावर पुराव्याची वाट कोण बघतो?

टॉवरमधली सोळा वर्षं तू ‘विज्ञानाची साधना’ म्हणून रंगवली आहेस. ते खोटं नाही. पुस्तकं होती, प्रयोगशाळा होती, शेजारी कैदेत सर वॉल्टर रॅली होता. ज्या थॉमस हॅरियट या गणितज्ञाला अर्ल वर्षासन देत होता, त्यानं 1609 च्या जुलैत गॅलिलिओच्याही आधी दुर्बिणीतून चंद्र पाहून त्याचं चित्र काढलं. पण ते काढलं सायनच्या मोकळ्या आकाशाखाली, आणि तेव्हा त्याचा पोशिंदा कोठडीत होता. अर्ल सुटला त्याच महिन्यात, जुलै 1621 मध्ये, हॅरियट वारला. एवढं सांगितलंस की पुरे, वर अश्रू गाळू नकोस.

आता मुख्य गोष्ट. 1609 मध्ये अर्लानं टॉवरमध्ये बसून थोरल्या मुलासाठी, अल्जरननसाठी, उपदेश लिहिला. मुलगा तेव्हा सात वर्षांचा. त्यात तरुणपणीची उधळपट्टी तो स्वतःच कबूल करतो: घोडे, ससाणे, शिकारी कुत्रे, जुगार, कपडे, बायका; कारभाऱ्यांवर विसंबून जंगलं कवडीमोलानं गेली. म्हणून सांगतो की आपल्या मालमत्तेची माहिती नोकरांपेक्षा आपल्याला जास्त हवी. इथपर्यंत सोन्यासारखा उपदेश आहे. पुढे मात्र बायकोच्या हाती कारभार देऊ नकोस, असंही लांबलचक सांगतो. तू या दोन्ही गोष्टी एकाच कौतुकाच्या सुरात लिहिल्यास, तिथं मी लाल खूण केली आहे. त्याची बायको डोरोथी एसेक्सच्या अर्लाची बहीण. दोघांचं पटत नव्हतं, काही काळ ती वेगळीही राहिली. पण नवरा कैदेत पडल्यावर दरबारात त्याच्यासाठी रदबदली करत फिरली ती हीच. 1619 मध्ये ती गेली, त्याची सुटका तिला दिसली नाही. उपदेश वाचताना उपदेश करणाऱ्याचं घर डोळ्यांआड करू नकोस. मामाच्या या पत्रालाही तोच नियम लाव.

आणि त्याची मुलगी लूसी! तिच्यावर तू दोन ओळी लिहिल्यास, हा शुद्ध अन्याय आहे. स्कॉटिश दरबारी जेम्स हे याच्याशी तिला लग्न करायचं होतं. तो विधुर आणि उधळ्या. पर्सी घराणं पिढ्यान्‌पिढ्या स्कॉटांशी सरहद्दीवर लढलेलं. 1617 मध्ये ती भेटायला आली तेव्हा बापानं थोरल्या मुलीला परत पाठवलं आणि लूसीला टॉवरमध्येच आपल्याजवळ ठेवून घेतलं. पण विषप्रयोगाच्या गुन्ह्याखाली त्याच टॉवरमध्ये असलेल्या सॉमरसेटच्या काउंटेसशी तिची गट्टी जमली आणि तिथूनच जेम्स हेशी तिचं सूत जुळत राहिलं. नोव्हेंबरात लग्न लागलं. राजा हजर, बाप गैरहजर. पुढे सुटकेसाठी खटपट केली ती या नकोशा जावयानंच. असं सांगतात, की बाहेर पडल्यावर अर्लानं गाडीला आठ घोडे जुंपले, कारण राजाच्या लाडक्या बकिंगहॅमच्या गाडीला सहा होते. सोळा वर्षांनीही ताठा गेला नव्हता.

मुलगाही बापाच्या मनासारखा वागला नाही. अर्लाच्या मते त्याच्या कैदेमागे राजाचा मंत्री रॉबर्ट सेसिल याचा हात होता, आणि अल्जरनननं 1629 मध्ये लग्न केलं ते त्याच सेसिलच्या नातीशी. दोन घराण्यांचं रक्त एका भांड्यात मिसळणार नाही, अशा अर्थाचं म्हातारा बोलला. कोणी ऐकलं नाही. पण पुढे हाच मुलगा इंग्लंडच्या आरमाराचा प्रमुख झाला, यादवीत पार्लमेंटच्या बाजूला राहिला, तरी तेव्हाच्या राजाचा शिरच्छेद करायला त्यानं विरोध केला. त्याच्या वाट्याला टॉवर आला नाही.

अर्ल 5 नोव्हेंबर 1632 रोजी, कट उघडकीला आल्याला बरोबर सत्तावीस वर्षं झाली त्या दिवशी, पेटवर्थला वारला. त्या योगायोगावर लेख संपवलास, ते काढून टाक. घरच्या जमाखर्चाच्या वह्यांतले उतारे छापून निघाले आहेत, ते मागवून वाच. तारखा जुन्या पंचांगाच्या आहेत, तसं एकदा सांगून टाक. डोरोथी आणि लूसीला जागा दे, शीर्षक बदल आणि लेख पुन्हा पाठव. आठवडाभर उशीर झाला तर संपादकांशी मी बोलतो.

तुझा,
मामा