'डिलन' : एका वेल्श नावाचा अर्थ आणि त्यामागची पुराणकथा

मराठी वाचकाला 'डिलन' हे नाव बहुधा दोन व्यक्तींमुळे ठाऊक असते. एक, २०१६ चे साहित्याचे नोबेल पारितोषिक मिळालेले अमेरिकन गीतकार-गायक बॉब डिलन; दुसरे, वेल्समध्ये जन्मलेले इंग्रजी कवी डिलन टॉमस. पहिल्यांचे ते जन्मनाव नव्हे. रॉबर्ट झिमरमन यांनी १९६२ मध्ये ते कायद्याने धारण केले. दुसऱ्यांना मात्र ते पाळण्यातच मिळाले होते. नावांच्या अर्थाच्या पुस्तिकांत या नावापुढे 'समुद्र' एवढाच एक शब्द असतो. तो चुकीचा नाही, पण अपुरा आहे.

तौलनिक साहित्याच्या वर्गात मी विद्यार्थ्यांना विशेषनामांवर एक छोटा स्वाध्याय देत असते. त्यात बहुतेकांची अशी समजूत दिसते की, नावाचा अर्थ म्हणजे कोशातला प्रतिशब्द. प्रस्तुत लेखात 'डिलन' हे एकच नाव घेऊन या समजुतीची तपासणी करावयाची आहे. नावाचा अर्थ तीन ठिकाणी शोधावा लागतो : शब्दात, कथेत आणि वापरात. यांतील एक जरी सुटले तरी नाव उरते, पण त्याचा अर्थ निसटतो.

शब्द

वेल्श ही केल्टिक कुळातील भाषा. इंग्लंडला लागून असूनही ती इंग्रजीची बोली नव्हे. ब्रिटन बेटावर इंग्रजी येण्यापूर्वीपासून नांदणाऱ्या भाषेची ती वारस आहे. जुन्या वेल्श काव्यात 'डिलन' हा शब्द सागर या अर्थी सामान्यनाम म्हणूनही येतो. त्याची सर्वसाधारणपणे दिली जाणारी व्युत्पत्ती अशी : 'ड' हा उपसर्ग आणि 'ल्हानु' म्हणजे भरती, पाण्याचा लोट. म्हणजे नुसता समुद्र नव्हे, तर चढत येणारा समुद्र.

येथे मराठी विद्यार्थ्याने दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. पहिली उच्चाराची. वेल्शमध्ये या नावाचा पहिला स्वर आपल्या 'अ'सारखा आहे. मूळ उच्चार 'डलन' असा होतो. 'डिलन' हा इंग्रजी वळणाचा उच्चार. रोमन लिपीत हा भेद दाखवता येत नाही, देवनागरीत तो एका काना-वेलांटीच्या फरकाने दिसतो. दुसरी गोष्ट व्याकरणाची. मूळ शब्दाच्या आरंभी असलेला 'ल्ह' (हा वर्ण मी जवळचा म्हणून वापरते, वेल्श ध्वनी अघोष असून जिभेच्या कडेने हवा सोडून उच्चारला जातो) उपसर्गानंतर साधा 'ल' होतो. वेल्शमध्ये शब्दाचे आद्य व्यंजन असे मृदू होणे हा नित्याचा नियम आहे. आपल्याकडे 'घर'चे 'घरा' होते तेव्हा शब्दाचा शेवट बदलतो. तेथे शब्दाचा आरंभ बदलतो. त्यामुळे वेल्श शब्द कोशात शोधताना नवशिक्याची पहिल्याच अक्षरापाशी अडचण होते.

कथा

कोश येथे थांबतो आणि कथा सुरू होते. 'मॅबिनोगी' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या मध्ययुगीन वेल्श गद्यकथेच्या चार शाखा आहेत. 'माब' म्हणजे मुलगा. ग्रंथाच्या नावाचा संबंध या शब्दाशी जोडला जातो. 'ऱ्हदर्खचा श्वेतग्रंथ' (सुमारे १३५०) आणि 'हेर्गेस्टचा रक्तग्रंथ' (१३८२ नंतर) या दोन हस्तलिखितांत त्या संपूर्ण मिळतात, पण कथा त्याहून बऱ्याच जुन्या आहेत. लेडी शार्लट गेस्ट यांनी १८३८ ते १८४९ या काळात त्यांचे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले आणि वेल्सबाहेरच्या वाचकाला ही दैवतकथा प्रथम हाती आली.

डिलन येतो तो चौथ्या शाखेत. उत्तर वेल्समधील ग्विनेद प्रांताचा अधिपती माथ याला एक विलक्षण बंधन आहे. युद्धाचा प्रसंग वगळता त्याचे पाय कुमारिकेच्या मांडीवर असले तरच तो जगू शकतो. त्या जागेसाठी त्याचा भाचा ग्विदियन हा स्वतःच्या बहिणीचे, आरिअनऱ्होदचे नाव सुचवतो. कौमार्याची परीक्षा म्हणून माथ तिला आपल्या जादूच्या कांडीवरून पाऊल टाकायला सांगतो. ती पाऊल टाकते आणि त्याच क्षणी सोनेरी केसांचा एक धष्टपुष्ट मुलगा तिच्यापासून जन्मतो. मूल रडू लागते. ती दाराकडे धावते, आणि तेवढ्यात तिच्यापासून आणखी एक लहानसे काही गळून पडते. कोणाच्या लक्षात येण्याआधी ग्विदियन ते रेशमी वस्त्रात गुंडाळून आपल्या पलंगाच्या पायथ्याच्या पेटीत लपवतो.

पहिल्या मुलाला माथ बाप्तिस्मा देववतो आणि 'डिलन' हे नाव ठेवतो. नाव मिळताच मूल समुद्राकडे जाते. पाण्यात शिरताक्षणी त्याला समुद्राचा स्वभाव प्राप्त होतो. ते कोणत्याही माशाइतके उत्तम पोहते, आणि त्याच्याखाली कधीही लाट फुटत नाही. म्हणून त्याला 'डिलन एइल टोन' म्हणतात. 'टोन' म्हणजे लाट. 'एइल'चा मूळ अर्थ 'दुसरा'. काव्यभाषेत त्यालाच 'वारस, पुत्र' असा अर्थ येतो. म्हणजे लाटेचा पुत्र, किंवा जणू दुसरी लाटच. पुढे गोवॅनन या त्याच्या मामाच्या घावाने त्याचा मृत्यू होतो. 'गोव' म्हणजे लोहार. गोवॅनन हा केल्टिक परंपरेतील दैवी लोहार. तो घाव तीन अभागी घावांपैकी एक होय, एवढे सांगून निवेदक पुढच्या कथेकडे वळतो.

डिलनची कथा एवढीच, मोजक्या वाक्यांची. तिचा अर्थ लागतो तो पेटीतल्या दुसऱ्या मुलाच्या कथेशेजारी ठेवल्यावर. पेटीतले मूल वाढते, ग्विदियन त्याला आईसमोर नेतो. आपली अप्रतिष्ठा डोळ्यांसमोर उभी राहिलेली पाहून आरिअनऱ्होद त्याच्यावर एक नियती लादते : तिच्या तोंडून मिळाल्याखेरीज त्याला नाव मिळणार नाही. ग्विदियन मग समुद्रशेवाळापासून जादूने जहाज आणि कातडे निर्माण करतो, चांभाराच्या वेशात तिच्या गढीखाली येतो आणि तिच्या पायाच्या मापाचे निमित्त करून तिला जहाजावर आणतो. तेथे मुलगा एका इवल्या पक्ष्याच्या पायावर असा अचूक नेम मारतो की, तिच्या तोंडून सहज कौतुकाचे शब्द निघतात. तेच शब्द त्याचे नाव होते : 'ल्हेउ ल्हाउ गफेस', कुशल हाताचा तेजस्वी. ज्या आईने नाव नाकारले तिच्याच तोंडून ते वदवून घेतले जाते.

दोन्ही जन्म शेजारी ठेवून पाहावेत. पहिल्याला नाव विनासायास मिळते, पण नाव मिळाल्याक्षणी तो माणसांतून जातो. दुसऱ्याला माणसांत राहायचे आहे, आणि नेमके त्याच्याच वाटेत नावाचा अडसर उभा राहतो. या कथाविश्वात नाव ही केवळ हाक नव्हे. डिलनला ते त्याच्या मूळ प्रकृतीकडे परत नेते. ल्हेउला समाजात जागा देते.

मराठी वाचकाला येथे कर्ण आठवणे स्वाभाविक आहे. कुमारी मातेची अगतिकता, लपवलेले मूल, पेटी, आणि जन्मदात्रीखेरीज इतरांनी ठेवलेले नाव ('वसुषेण') हे घटक दोन्हींकडे आहेत. मात्र साम्य दिसले म्हणजे उगम एक, असे मानण्याचा मोह टाळावा. महत्त्वाचा आहे तो भेद. कुंती मौन धरते. आरिअनऱ्होद बोलून नाकारते. कर्णाची व्यथा कुळाची आहे, ल्हेउची नावाची. तुलना करायची ती हा भेद दिसावा म्हणून.

स्थळ

डिलनची कथा इतकी त्रोटक असूनही टिकली, याचे एक कारण ती भूमीला बांधलेली आहे. वायव्य वेल्सच्या किनाऱ्यावर क्लनोगच्या परिसरात 'माएन डिलन' म्हणजे 'डिलनचा दगड' आहे. 'दिनास दिन्ल्हे' या टेकडीवरच्या प्राचीन गढीच्या नावात ल्हेउ आहे. किनाऱ्यापासून काही अंतरावर पाण्यात असलेल्या खडकांच्या रांगेला 'काएर आरिअनऱ्होद', आरिअनऱ्होदची गढी, म्हणतात. 'टॅलिएसिनचा ग्रंथ' या हस्तलिखितात डिलनवर एक विलापिका आहे, आणि वीरांच्या थडग्यांची नोंद करणाऱ्या जुन्या पद्यांत त्याची समाधी क्लनोगच्याच परिसरात, लाटांच्या आवाजाजवळ सांगितली आहे. आई आणि दोन्ही मुलगे असे एकाच किनाऱ्यावर, हाकेच्या टप्प्यात आहेत. ज्याला ही स्थळनामे वाचता येतात त्याच्यासाठी तो किनारा म्हणजेच चौथी शाखा.

वापर

आता तिसरी बाजू. कथा जुनी असली तरी 'डिलन' हे मुलांना ठेवायचे नाव म्हणून रूढ झाले ते विसाव्या शतकात. जुलै १९१४ मध्ये जोझेफ होलब्रूक यांची 'डिलन' ही संगीतिका लंडनच्या ड्रुरी लेन नाट्यगृहात झाली. त्याच वर्षी २७ ऑक्टोबरला स्वॉन्झी शहरात डी. जे. टॉमस यांना मुलगा झाला, आणि त्यांनी 'मॅबिनोगी'तले हे नाव निवडले. डी. जे. हे स्वॉन्झी ग्रामर स्कूलमध्ये इंग्रजीचे शिक्षक होते. मुलाचे मधले नाव 'मार्लेस' हेही सहज ठेवलेले नव्हते. त्यांचे चुलते विल्यम टॉमस हे युनिटेरियन धर्मोपदेशक आणि वेल्श कवी. त्यांचे काव्यनाम 'ग्विलिम मार्लेस'. १८७६ मध्ये जमीनदाराने त्यांना आणि त्यांच्या अनुयायांना प्रार्थनामंदिरातून बाहेर काढले होते. म्हणजे एका नावात पुराण आणि दुसऱ्यात घराण्याचा स्वाभिमान, असे दोन्ही त्या मुलाला मिळाले.

मिळाली नाही ती भाषा. आईवडील दोघेही वेल्श बोलत. मुलांना मात्र त्यांनी इंग्रजीत वाढवले, शुद्ध इंग्रजी उच्चारांसाठी शिकवणीही लावली. हा एका घराचा दोष नव्हे. त्या काळी इंग्रजी ही नोकरीची आणि प्रतिष्ठेची भाषा होती. १९११ च्या जनगणनेत वेल्समधील सुमारे ४४ टक्के लोक वेल्श बोलत होते. २०२१ मध्ये हे प्रमाण १७.८ टक्के, म्हणजे सुमारे ५ लाख ३८ हजार झाले. डी. जे. यांच्यासारख्या हजारो सुशिक्षित पालकांचे निर्णय या दोन आकड्यांच्या मध्ये आहेत.

त्याचा परिणाम नावावरही झाला. मूळ उच्चार 'डलन' ठेवला तर इंग्रजी बोलणारी मुले 'मंद' या अर्थाच्या शब्दाशी खेळ करून त्याला चिडवतील, अशी आईला धास्ती होती. पुढे कवीने स्वतःही 'डिलन' हाच उच्चार पसंत केला आणि रेडिओच्या निवेदकांना तसे सांगितले. भाषा गेल्यावर नावातला स्वरही गेला. आज जगभर हे नाव ठेवले जाते ते बहुधा कवीमुळे किंवा गायकामुळे. लाटेचा पुत्र त्यात क्वचितच असतो.

हे असे आडनावांच्या बाबतीत आधीच घडले होते. वेल्शमध्ये 'अमक्याचा मुलगा' हे 'माब'पासून आलेल्या 'आप' किंवा 'आब' या शब्दाने सांगत. इंग्रजी नोंदींत 'आप हवेल'चे 'पॉवेल' झाले, 'आप ऱ्हीस'चे 'प्राइस', 'आब ओवेन'चे 'बोवेन'. आज हा 'मुलगा' आडनावाच्या पहिल्या अक्षरात दडून बसला आहे. गोव्यातील वाचकाला हे नवे नाही. पोर्तुगीज दप्तरात 'कामत'चे 'कामोतिम' आणि 'केणी'चे 'केणिम' कसे झाले, हे आपण जुन्या कागदांत पाहतोच. लिहिणारा आपल्या कानाने ऐकतो आणि आपल्या लिपीत लिहितो. पुढच्या पिढीला ते लिहिलेलेच खरे वाटू लागते.

शिक्षकांसाठी

या विवेचनातून वर्गात उपयोगी पडेल असा एक क्रम सुचवते. विद्यार्थ्याने स्वतःचे किंवा घरातील वडीलधाऱ्याचे नाव घ्यावे. प्रथम शब्दाची फोड आणि मूळ उच्चार लिहावा. मग ते नाव कोणत्या कथेत, ओवीत, आरतीत किंवा स्थळनामात येते ते शोधावे. शेवटी ते कोणी, कोणाच्या आठवणीने ठेवले हे घरी विचारावे. पहिला टप्पा कोशाने भागतो, दुसरा ग्रंथालयाने. तिसऱ्यासाठी आजीशी बोलावे लागते, आणि तेही तिच्या भाषेत.

बृहन्महाराष्ट्रात हा तिसरा टप्पा दिवसेंदिवस कठीण होत आहे. आपल्या मुलांची नावे मराठी आहेत, बारशी थाटात होतात, आत्या कानात नाव सांगते. पण त्या नावाची कथा ज्या भाषेत आहे ती भाषा घरात कमी होत चालली आहे. नाव ठेवणे ही एका दिवसाची गोष्ट, त्याचा अर्थ पोचवणे हे काही वर्षांचे काम. वेल्श लोकांनी हे उशिरा का होईना ओळखले आहे. २०५० पर्यंत दहा लाख वेल्श भाषकांचे उद्दिष्ट तेथील शासनाने ठरवले असून, त्याचा मुख्य भर शाळांवर आहे. तेथे वेल्श माध्यमाच्या शाळेत जाणारा एखादा डिलन आपले नाव पुन्हा 'डलन' असे उच्चारतो, तेव्हा भरतीच्या पाण्याचा तो शब्द त्याला परका नसतो.