आवाज आणि आपला कान

घशावर दोन बोटे ठेवा आणि मोठ्याने ‘आ’ म्हणा. बोटांना काय लागते? घसा थरथरतो. गप्प झालात की थरथर थांबते. मृदंगावर थाप मारून पुडीला हळूच बोट लावा. तीही थरथरते. जिथे आवाज, तिथे थरथर. या थरथरीला कंपन म्हणतात.

एका सेकंदात किती कंपने होतात, त्यावर आवाज जाडा की बारीक ते ठरते. बोलताना पुरुषाचा घसा सेकंदाला शंभर-सव्वाशे वेळा थरथरतो. बाईचा दोनशेच्या आसपास. कानाशी गुणगुणणाऱ्या डासाचे पंख तर सुमारे पाचशे वेळा हलतात. ही मोजणी हर्ट्झमध्ये करतात. हाइनरिख हर्ट्झ नावाचे जर्मन शास्त्रज्ञ होऊन गेले, त्यांचे नाव त्या मापाला दिले आहे. सेकंदाला शंभर कंपने म्हणजे शंभर हर्ट्झ.

आपल्या आयाबहिणी हे काम रोज कानाने करतात. नळाखाली हंडा लावला, की त्या चुलीकडे वळतात. हंडा भरत येतो तसा आवाज चढत जातो. पाणी वर आले की हंड्यातली हवा कमी उरते, आणि थोडी हवा जास्त भरभर थरथरते. मग न बघताच कळते, नळ बंद करायची वेळ झाली.

माणसाच्या कानाला साधारण २० ते २०,००० हर्ट्झपर्यंतचे आवाज ऐकू येतात. हत्ती याहूनही जाड्या आवाजात एकमेकांना साद घालतात. वटवाघळाची किंचाळी इतकी बारीक, की ती आपल्याला ऐकूच येत नाही. वय वाढले की आपलेही बारीक आवाज हळूहळू कमी होतात. त्याला इलाज नाही. पण पुष्कळांचे कान वयाने जात नाहीत, गोंगाटाने जातात. ते कसे, ते पाहू.

कानाच्या पडद्यामागे तीन चिमुकली हाडे असतात. त्यांच्यापुढे गोगलगायीच्या शंखासारखी वळलेली एक नळी असते. तिच्यात पाणी असते, आणि बारीक केस असलेल्या सुमारे १५,००० पेशी असतात. कंपन आत आले की हे केस डोलतात आणि मेंदूला खबर जाते. वाऱ्याने शेतातला भात वाकतो, वारा पडला की पुन्हा उभा राहतो. तसेच यांचे. मिरवणुकीतून घरी आल्यावर कानात ‘कुंई’ असा आवाज येतो, सकाळी बरे वाटते. म्हणजे भात वाकला होता. पण वादळच सुटले, किंवा रोज रोज वारा झोडपू लागला, तर ताटे मोडतात. भात पुढच्या साली पुन्हा लावता येतो. कानातल्या या पेशी माणसाला एकदाच मिळतात.

आणि पहिला मार बसतो तो बारीक आवाज ओळखणाऱ्या पेशींना. म्हणून माणसाला लवकर पत्ताच लागत नाही. आमच्या शेजारी एक अण्णा आहेत. तरुणपणी ते गिरणीत साचाखात्यात होते. शेकडो माग एकदम चालायचे. कामगार ओठ पाहून आणि खुणा करून बोलत. १९८२ च्या संपानंतर गिरणी सुटली, पण कान तोवर गेलेच होते. अण्णांना आवाज ऐकू येतो, शब्द कळत नाही. ‘आ’, ‘ओ’ हे जाडे स्वर पोचतात. ‘स’, ‘श’, ‘फ’ ही अक्षरे बारीक, ती गळून पडतात. भाजीवाली म्हणते ‘साठ’, अण्णांना ऐकू येते ‘आठ’. मग तंटा! घरची माणसे म्हणतात, म्हातारा सोंग करतो. मला हे बोलणे फार लागते. ते सोंग नव्हे.

आवाज किती मोठा, हे डेसिबलमध्ये मोजतात. हे माप शेर-पायलीसारखे नाही. ६० डेसिबलची दोन यंत्रे शेजारी लावली तर १२० होत नाहीत, ६३ होतात. म्हणजे तीन वाढले की जोर दुप्पट. साधे बोलणे ६० च्या आसपास असते. ८५ च्या आवाजात आठ तासांहून जास्त राहू नये, असे तज्ज्ञ म्हणतात. ८८ असेल तर चार तास. हिशोब असाच करत गेलात, तर १०० ला पंधरा मिनिटेच उरतात. मिरवणुकीतला ‘डॉल्बी’ शंभराच्या वर सहज जातो, आणि पोरे तीन-तीन तास त्याच्या पुढे नाचतात.

कानाबरोबर झोपही जाते. आपले देवनार एके काळी गाव होते; आता घाटकोपर-मानखुर्द जोडरस्त्यावर रात्रीही गाड्यांचे भोंगे वाजतात. जाग आली नाही तरी शरीर दचकते, नाडी वाढते. वर्षानुवर्षे असे झाले तर रक्तदाब आणि हृदयविकार यांचा धोका वाढतो.

हल्ली मोबाइलवर कोणी सांगते, अमुक हर्ट्झचा सूर ऐका, रोग पळेल. त्याला पुरावा नाही. भजनाने मन निवते, हे खरे. पण त्यासाठी आकडा विकत घ्यावा लागत नाही.

कायदा आपल्या बाजूने आहे. २००० सालच्या नियमांप्रमाणे वस्तीत दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर ध्वनिवर्धक लावता येत नाही. सरकार वर्षातून जास्तीत जास्त १५ दिवस मध्यरात्रीपर्यंत सूट देऊ शकते. १८ जुलै २००५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की कोणालाही जबरदस्तीने आवाज ऐकवण्याचा हक्क नाही. तक्रार ११२ या नंबरावर करता येते.

घरात कोणी सारखे ‘काय? काय?’ विचारत असेल, तर त्याला हसू नका, तपासणीला न्या. वांद्र्याला अली यावर जंग यांच्या नावाची सरकारी संस्था आहे. ती १९८३ साली सुरू झाली. तिथे कान तपासतात. तपासणी मुळीच दुखत नाही. शांत खोलीत बसवतात, कानांवर दोन वाट्यांसारखे साधन लावतात. जाडे-बारीक आवाज एकेक करून ऐकवतात. ऐकू आला की बोट वर करायचे, एवढेच.