वेगवान गोलंदाजाची पाठ सांभाळा

भातकापणी आटोपली की दासगाव, महाडपासून पोलादपूरपर्यंतच्या रिकाम्या खाचरांत क्रिकेटचे सामने रंगू लागतात. एकेका दिवसात तीन-चार सामने होतात आणि प्रत्येक सामन्यात चेंडू त्याच एका वेगवान पोराच्या हाती दिला जातो. संध्याकाळी तो कमरेवर हात ठेवून घरी येतो. मालीश होते आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा मैदान! हे दुखणे साधे असेलच असे नाही.

अमेरिकेतील बेसबॉलमध्ये चेंडू फेकणाऱ्या खेळाडूला पिचर म्हणतात. तो कोपर वाकवून झटक्याने फेक करतो. त्यामुळे त्याच्या कोपराच्या आतील बाजूचा अस्थिबंध तुटतो. टॉमी जॉन या पिचरवर १९७४ साली डॉ. फ्रँक जोब यांनी दुसऱ्या हाताचा स्नायुबंध कोपरात बसवण्याची शस्त्रक्रिया केली. त्यानंतर तो १९८९ पर्यंत खेळला. ती शस्त्रक्रिया आजही त्याच्याच नावाने ओळखली जाते.

क्रिकेटच्या गोलंदाजाला कोपर झटक्याने सरळ करता येत नाही. त्यामुळे त्याचा भार पाठ, खांदा, मांडी व घोट्यावर येतो. पुढचा पाय जमिनीवर आदळतो तेव्हा शरीराच्या वजनाच्या पाचपटीहून अधिक जोर बसतो. त्याच क्षणी कंबर मागे वाकते व पिळली जाते. हे दिवसात शेकडो वेळा घडले की कण्याच्या खालच्या मणक्याला बारीक तडा जातो. वाढत्या वयात हाडे पुरती पक्की नसल्याने धोका जास्त असतो. टेनिसचा चेंडू हलका म्हणून काही होत नाही, हा समज चुकीचा आहे. पाठीवरचा भार मुख्यतः पायाच्या आदळण्याने येतो, चेंडूच्या वजनाने नव्हे.

आपल्या महाराष्ट्रातील श्रीरामपूरच्या झहीर खानचे उदाहरण पाहा. २००० साली पहिली कसोटी खेळलेल्या झहीरला दुखापतींनी वारंवार गाठले. २००६ साली इंग्लंडमध्ये वूस्टरशायरकडून खेळताना त्याने ७८ बळी घेतले व धाव आखडती घेऊन गोलंदाजी सुधारली. २०११ च्या विश्वचषकात त्याने २१ बळी घेतले. बेसबॉलच्या पिचरांकडून आलेला, बोटांच्या सांध्यांवर धरलेला संथ चेंडूही त्याने वापरला. त्याच वर्षी लॉर्ड्स कसोटीत पहिल्याच दिवशी मांडीचा स्नायू दुखावल्याने त्याला मैदान सोडावे लागले. तरीही २०१५ मध्ये निवृत्त होताना त्याच्या नावावर ९२ कसोटींत ३११ बळी होते. केवळ वेगावर विसंबणाऱ्याला एवढी मजल मारता येत नाही.

पालकांनी व संघनायकांनी पुढील गोष्टी पाळाव्यात.

१) षटके मोजा. इंग्लंडच्या क्रिकेट मंडळाने १३ वर्षांपर्यंतच्या वेगवान गोलंदाजांसाठी एका वेळी ५ आणि दिवसात १० षटकांची मर्यादा घालून दिली होती. सरावातील चेंडूही त्यात धरावेत.

२) लागोपाठ दोन दिवसांहून अधिक वेगवान गोलंदाजी नको.

३) आधी दहा मिनिटे धावून अंग गरम करावे. एरवी पोट, पाठ व मांड्यांचे व्यायाम करावेत.

४) चपला किंवा झिजलेले बूट घालून कडक खाचरात गोलंदाजी करू नये.

५) पुरेशी झोप, पाणी आणि डाळ, अंडी, मासे, दूध यांचा आहार ठेवावा.

कमरेच्या एकाच बाजूला दुखणे, मागे वाकताना ते वाढणे आणि विश्रांतीने कमी होणे ही तड्याची लक्षणे समजावीत. अशा वेळी गोलंदाजी ताबडतोब थांबवावी. जोराने चोळू नये, कंबर मोडून घेऊ नये. वेदनाशामक गोळी घेऊन खेळणे तर सर्वांत घातक. अस्थिरोगतज्ज्ञांना दाखवावे. सुरुवातीचा तडा साध्या एक्स-रेत दिसतोच असे नाही; एमआरआय लागू शकतो. वेळीच ओळखला तर बहुधा शस्त्रक्रिया न करता, तीन-चार महिन्यांच्या विश्रांतीने व व्यायामाने तो बरा होतो.

पायात मुंग्या, बधिरपणा वा अशक्तपणा आला, किंवा लघवी-शौचावरचा ताबा गेला, तर क्षणाचाही विलंब न करता रुग्णालय गाठावे.

गावच्या चषकासाठी एक हंगाम हुकला तरी चालेल. पण पुढे आयुष्यभर हीच पाठ पोराला वापरायची आहे.