सातबाऱ्यावरचं जंगल

संगमेश्वर तालुक्यात डोंगराच्या उतारावर आमची साडेचार हेक्टर सामाईक जमीन आहे. खालच्या अंगाला वरकस, वर दाट रान. २०११ मध्ये काजूच्या लागवडीसाठी कर्ज काढायचं म्हणून ताजा सातबारा काढला, तर ‘इतर हक्क’ या रकान्यात ‘खाजगी वन’ असा शेरा. पुढची सात वर्षं त्या दोन शब्दांमागे गेली. त्यातून जे कळलं ते इथे मांडतो.

१. नुसता सातबारा वाचू नका, फेरफार काढा.
शेऱ्याशेजारी फेरफाराचा क्रमांक असतो. आमच्या फेरफारात एवढंच होतं की महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, १९७५ अन्वये जमीन शासनाकडे निहित. हा कायदा ३० ऑगस्ट १९७५ रोजी लागू झाला आणि त्याच दिवशी राज्यातली खाजगी वनं सरकारची झाली. आमचे आजोबा, आबा, तेव्हा त्याच उतारावर नाचणी बेणत असतील. त्यांना शेवटपर्यंत कुणी काही सांगितलं नाही.

२. नोटीस कुठे आहे ते विचारा.
भारतीय वन अधिनियम, १९२७ च्या कलम ३५(३) खाली पूर्वी जिला नोटीस निघाली, ती जमीनही १९७५ च्या कायद्याने खाजगी वन धरली. विक्रोळीतल्या गोदरेज कंपनीच्या जमिनीची १९५७ मधली अशी नोटीस २००६ मध्ये वर काढली गेली. त्या गोदरेज प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ३० जानेवारी २०१४ रोजी सांगितलं, की नोटीस काढली म्हणजे ती मालकाला बजावलेली असली पाहिजे. वर्षानुवर्षं फायलीत पडून राहिलेल्या कागदावर जमीन जात नाही. आम्हीही नोटिशीची आणि ती बजावल्याच्या पोचपावतीची नक्कल मागितली. पोच निघाली नाही.

३. पीकपाहणीचे जुने उतारे जपा.
हा सगळ्यात मोलाचा धडा. १९७५ चा कायदा लागू झाला त्या दिवशी कायदेशीर लागवडीखाली असलेली, कमाल मर्यादेतली जमीन कायद्याने वगळली आहे. पण ते दाखवणार कशाने? आईच्या ट्रंकेत, मुंजीच्या पत्रिकांखाली, १९७४-७५ चा हस्तलिखित उतारा सापडला. कडा वाळवीने खाल्लेल्या, शाई तपकिरी, पण ‘नाचणी’, ‘वरी’ आणि त्यांचं क्षेत्र स्वच्छ वाचता येत होतं. सुनावणीत त्या एका कागदाने जेवढं काम केलं, तेवढं माझ्या तोंडच्या शंभर वाक्यांनी झालं नसतं. तुमच्या घरी असा कागद असेल तर आजच त्याच्या प्रमाणित नकला करून ठेवा.

४. लहान खातेदाराला एक दार आहे.
याच कायद्याचं कलम २२अ. कायदा लागू होण्याच्या आदल्या दिवशी एकूण धारण जमीन १२ हेक्टरपेक्षा कमी असेल, तर वन परत मिळण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो. आम्हाला हे चार वर्षांनी कळलं. २०१८ मध्ये जमीन परत देण्याचा आदेश हातात आला.

५. जमीन परत मिळाली म्हणजे कुऱ्हाडीला मोकळीक मिळाली नाही.
साग, खैर, ऐन, किंजळ ही झाडं स्वतःच्या जमिनीत असली तरी १९६४ च्या वृक्षतोड कायद्याखाली परवानगी लागते. शिवाय १२ डिसेंबर १९९६ च्या गोदावर्मन प्रकरणातल्या आदेशाने मालकी न बघता शब्दकोशातल्या अर्थाचं ‘वन’ धरलं. अशा ठिकाणी वनेतर वापराला १९८० च्या कायद्यानुसार केंद्राची पूर्वमान्यता हवी, आणि फळबागही वनेतर वापरातच मोडते. म्हणजे रान काढून काजू लावणं हेसुद्धा.

६. राखणाऱ्यालाच बेडी, हे मला पटत नाही.
कोकणात कितीतरी डोंगर लाकूडतोडीच्या ठेकेदारांनी बोडके केले. तिथे ‘वन’ म्हणण्यासारखं काही उरलंच नाही, म्हणून बंधनही उरलं नाही. ज्याच्या आजोबांनी झाडं राखली, तो मात्र कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवतो. कायदा हवाच, तो नसता तर हा पट्टाही गेला असता. पण रान राखल्याबद्दल मालकाला दरवर्षी काही हक्काचा मोबदला मिळायला हवा, असं माझं ठाम मत आहे.

आमच्या वरच्या अंगाला एक जुना बेहडा आहे, त्याच्या ढोलीत धनेशाची मादी स्वतःला कोंडून घेते. मार्चमध्ये नर फळं आणून चिंचोळ्या फटीतून तिला भरवतो. पुतण्या मागे म्हणाला होता, “काका, तिथे कलमं लावूया?” मी त्याला पहाटे नेऊन ती फट दाखवली. यंदा होळीच्या आधी, वणव्याच्या भीतीने, त्या झाडाभोवतीचा पाचोळा त्यानेच ओढून काढला.